पंखावरचं नाव

आमच्या निनादने स्वतःच्या बापाचं नाव एका मेलेल्या किड्याला द्यायचं ठरवलं, आणि ही बातमी त्याने मला पेढे वाटावेत अशा थाटात दिली. मी सिडनीतल्या क्वेकर्स हिलच्या त्याच्या स्वयंपाकघरात पोळ्या लाटत होते. आम्ही दोघं नवरा-बायको पुण्याहून येऊन चारच दिवस झाले होते.

“दीनानाथी,” तो म्हणाला. “बाबांच्या नावाला शेवटी ई लावायची. पुरुषाचं नाव असलं की ई, बाईचं असलं की ए. लॅटिनमधला रूल आहे.”

“किडा कधी मेला?”

“तेवीस कोटी वर्षांपूर्वी. प्लस-मायनस.”

“आणि तुझे बाबा कधी मेले?”

तो हसायला लागला. मी हसत नव्हते. तव्यावरची पोळी करपली, ती मी त्यालाच वाढली.

साल २००८. त्या वर्षी अख्खा पंजाब आणि निम्मं पुणं सिडनीत शिकायला आलं होतं. निनादच्या भाड्याच्या घरात चार पोरं राहायची. दोघं अकाउंटिंगवाले. तिसरा अनिश, ठाण्याचा बी.कॉम., कुकरीचा डिप्लोमा करत होता आणि त्याला वरणाला फोडणी देता येत नव्हती. सगळ्यांचा डोळा पीआरवर, म्हणजे इथे कायमचं राहायच्या परवान्यावर. एक आमचंच कार्टं युनीत जीवाश्मांवर पीएचडी करत होतं. “काकू, आम्ही कांदे कापून पीआर घेणार, हा दगड फोडून,” असं अनिश म्हणायचा.

दगड खरोखरच फोडला होता. सिडनीच्या उत्तरेला विटांसाठी माती काढायची एक जुनी खाण होती. तिथल्या खडकाच्या पाट्या उलगडताना निनादला एक पंख मिळाला. पंख म्हणजे त्याचा ठसा, जवळजवळ वीतभर लांब. फोटो बघितला तेव्हा मला नाकतोडा वाटला, पण नाकतोडा कबुतराएवढा असता तर. पंखाच्या मधोमध आडव्या जाड रेघा होत्या, पापडाच्या लाटण्यावर असतात तशा. निनाद म्हणाला, त्या रेघा एकमेकांवर घासून हा आवाज काढत असावा असं काही लोक मानतात. पुढचे पाय काटेरी, भक्ष्य पकडून धरायला. असल्या प्राण्याला बापाचं नाव.

“आणि हा एकटा नाही गेला, आई. ह्यांचा अख्खा गणच नामशेष झाला. मागे कुणी उरलं नाही.”

नामशेष म्हणजे नाव तेवढं शिल्लक. ह्याचं तर नावही कधी नव्हतं. ते माझा मुलगा आमच्या घरातून नेऊन देत होता.

एक सांगून ठेवते. मी अंधश्रद्धाळू नाही. मांजर आडवं गेलं तर मी मांजराला रागावते. पण मी अठ्ठावीस वर्षं एका नगरपालिकेच्या जन्म-मृत्यू नोंदणीत काढली आहेत. गावाचं नाव सांगत नाही. दोन रजिस्टरं, जन्माचं माझ्या उजव्या हाताला, मृत्यूचं डाव्या. माणसाचं नाव उजवीकडून डावीकडे जातं, उलटं कधी येत नाही. चौऱ्याऐंशी साली माझ्या हातून एक चूक झाली. एका सोनाराचा भाऊ वारला होता आणि मी भावाच्या जागी सोनाराचंच नाव डावीकडे चढवलं. प्रल्हाद त्याचं नाव. आठवड्याने तो स्वतः खिडकीशी येऊन उभा राहिला. म्हणाला, “बाई, मी हा असा तुमच्यासमोर उभा आहे.” मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. दुरुस्तीचा अर्ज वर पाठवला. मंजुरी यायला तीन महिने लागले. ती आली तेव्हा दुरुस्तीची गरज उरली नव्हती.

योगायोग, मला कळतं. पण तेव्हापासून जिवंत माणसाचं नाव मेलेल्यांच्या यादीत मला बघवत नाही.

निनादला वाटलं, आईला प्रत्यक्ष दाखवलं की ती समजेल. म्हणून एका सकाळी तो आम्हा दोघांना ट्रेनने युनीत घेऊन गेला. त्याच्या गाइड हेलनबाई फार प्रेमळ. त्यांनी आम्हाला चहा दिला आणि तळघरातल्या खोलीत नेलं. लोखंडी कपाटं, त्यांना सपाट कप्पे, कप्प्यात कापसावर ठेवलेले दगड. प्रत्येक दगडाखाली बारीक अक्षरातली चिठ्ठी. खोली थंड होती आणि वास आमच्या रेकॉर्डरूमचाच होता. मला तिथे एकदम घरी आल्यासारखं वाटलं आणि त्याचीच भीती वाटली.

“ही माणसांची नावं आहेत?” मी निनादला विचारलं.

“बऱ्याचशी. ज्याने दगड शोधला तो, किंवा प्रोफेसर, किंवा कुणाची बायको.”

मी एका चिठ्ठीवर बोट ठेवलं. “हे आहेत?”

“नाही, गेले ते. नाइन्टीन-ट्वेन्टीजमध्ये कधीतरी.”

“हे?”

“तेही गेले.”

“ह्या बाई?”

“आई, हे सगळे शंभर वर्षांपूर्वीचे आहेत. जातीलच ना.”

मी कप्पा संपेपर्यंत विचारत राहिले. एकही जण नव्हता. शेवटी हेलनबाईंनी एक वेगळा, कौतुकाने ठेवलेला खण उघडला. त्यात निनादचा दगड. चिठ्ठी अजून कोरी होती. आमच्या ह्यांनी खिशातून चष्मा काढला, दगडावर वाकले आणि बराच वेळ बघत राहिले. देवळात माणूस रेंगाळतो तसे. मी कोपर धरून ओढलं तेव्हा कुठे हलले.

“मस्त आहे रे,” एवढंच म्हणाले.

त्या दिवसापासून मी ह्यांच्यावर नजर ठेवली. आणि नजर ठेवली की दिसतंच. पँट ढगळ झाली होती. पट्ट्याला ह्यांनी नवीन भोक पाडलं होतं, तेही मला न सांगता. भाकरी अर्धी टाकायचे. माझ्या हातचं भरलं वांगं म्हणजे ह्यांचा जीव की प्राण, त्याचा वास आला की उठून अंगणात जायचे. मी विचारलं तर म्हणायचे, “हवापाणी बदललंय गं. इथलं पाणी जड आहे.” पाणी निनादही पीत होता, त्याला काही झालं नव्हतं. पण निनादचं नाव कुठे दिलेलं नव्हतं.

सप्टेंबरात मराठी मंडळाचा गणपती होता, ब्लॅकटाउनच्या एका हॉलमध्ये. आरती झाली, मोदकांची रांग लागली आणि मंडळाची स्मरणिका वाटली. संपादक चारुदत्त म्हणून एक आयटीतला मुलगा, कोथरूडचा, हौशी. निनादच्या शोधाची त्याने चौकट छापली होती. ह्यांनी ती मोठ्याने वाचायला घेतली आणि मध्येच थांबले. मी खांद्यावरून बघितलं. छापलं होतं, “निनादने या कीटकास आपले वडील कै. दीनानाथ यांचे नाव देऊन त्यांच्या स्मृती चिरंतन केल्या आहेत.”

माझ्या हातातली प्लेट खाली पडली. चारुदत्त धावत आला, वाचलं आणि पांढराफटक पडला.

“काका, सो सॉरी. म्हणजे कुणाचं नाव दिलंय म्हटल्यावर मी धरलं की ते... आपल्याकडे गेलेल्या माणसाचंच देतात ना सहसा.”

“बघ,” मी निनादला म्हणाले. “ह्या पोरालासुद्धा कळतं.”

हे मात्र हसत होते. चारुदत्तच्या पाठीवर थाप मारून म्हणाले, “जरा घाई केलीस रे. बाकी मजकूर चांगला आहे.” आणि ते पान फाडून नीट घडी करून त्यांनी खिशात ठेवलं. मला त्या हसण्याचा भयंकर राग आला.

दुसऱ्या दिवशी दुपारी हे झोपले होते. मी निनादला मागच्या अंगणात बोलावलं. कपडे वाळत होते, त्यांच्या आडोशाला.

“तुझा लेख छापून झाला?”

“प्रूफं आलीयत. या आठवड्यात परत पाठवायची.”

“मग अजून नाव बदलता येतं.”

“आई, प्लीज.”

“माझी शपथ आहे तुला, निनाद. ते नाव काढ.”

आमच्या घरात शपथ सहसा कुणी घालत नाही. मी तर कधीच घातली नव्हती. त्याने दोरीवरचा एक चिमटा काढून परत लावला. मग म्हणाला, “बाबांना एकदा विचार ना तू.”

“त्यांना यातलं काही कळता कामा नये.”

त्याने तोंड उघडलं. काहीतरी सांगायचं होतं त्याला, मला दिसलं. मी सांगू दिलं नाही. ही माझी चूक मी पुढे रोज आठवली आहे.

“बरं,” तो म्हणाला. “खाणीचं नाव देतो मग. जागेचं.”

ते मला चाललं नाही. आता हसाल तुम्ही. पण आमच्या घरातलं नाव तिथे लागलं होतं, खोलीत बोललं गेलं होतं, छापलंही गेलं होतं. ते नुसतं खोडून त्या जागी खाणीचं नाव लिहून कोण फसणार होतं? घरातल्या माणसाच्या जागी घरातलंच माणूस हवं.

“माझं दे,” मी म्हणाले.

निनाद माझ्याकडे बघत राहिला. “म्हणजे तुला जी भीती वाटते बाबांसाठी, ते तू...”

“बाईचं असलं की ए. शोभाए. लिही.”

मी काय करत होते ते मला पक्कं माहीत होतं. मला मरायचं मुळीच नव्हतं. निनादचं लग्न बघायचं होतं, काशीला जायचं होतं. त्या दोरीखाली उभी राहून मला रडू आलं, तरी मी शब्द मागे घेतला नाही. निनादने प्रूफं पाठवली. हेलनबाईंनी का म्हणून विचारलं, तर म्हणाला, फॅमिली मॅटर.

त्यानंतर मी तयारीला लागले. बँकेच्या लॉकरची किल्ली कुठे असते ते ह्यांना तीनदा सांगितलं. पैठणी कुणाला द्यायची, मोलकरणीशी कसं बोलायचं, पाण्याची टाकी कधी धुवायची, सगळं. मी गेल्यावर ह्या माणसाला चहासुद्धा करता येणार नाही, हा विचार मला खाऊ लागला. म्हणून एका सकाळी ह्यांना ओट्याशी उभं केलं आणि खिचडी शिकवायला घेतली.

“तांदळाच्या निम्मी डाळ. हळद विसरायची नाही. पाणी दुपटीच्या वर बोटभर.”

“मला कशाला हे?”

“यायला पाहिजे. मी काय जन्माला पुरणार आहे?”

हे माझ्याकडे विचित्र बघत राहिले. मग त्यांनी डाळ-तांदूळ धुतले. फोडणीत मोहरी टाकताना उडाली तरी मागे सरले नाहीत. खिचडी छान झाली. मी दोनदा घेतली आणि हे घास चिवडत बसले. पुढचे चार दिवस रोज सकाळी ते स्वतःहून खिचडी करायला उभे राहायचे आणि मला विचारायचे, “जमतंय ना?” मी म्हणायचे, जमतंय. मला बरं वाटायचं. निदान हे उपाशी राहणार नाहीत.

मी रोज स्वतःची नाडी बघायचे. ठणठणीत होते. ब्लॅकटाउन स्टेशनचा जिना मी न थांबता चढायचे आणि हे दोनदा थांबायचे. मला काही कळेना. लेख छापून आला की गाडी उलटी फिरेल, अशी मी मनाची समजूत घातली. ऑक्टोबर असा सरत आला.

दिवाळीच्या फराळाचं सामान घ्यायला आम्ही इंडियन दुकानात गेलो होतो. दुकानदारीण गुजराती, डोळ्यांनी तिखट. बेसनाचं पाकीट देता देता ह्यांच्याकडे बघून म्हणाली, “अंकल की आँखें तो एकदम पीली हैं. डॉक्टर को दिखाया?”

मी बघितलं. उन्हात बघितलं. हळदीत बुडवल्यासारखे डोळे. ज्या माणसावर मी तीन महिने पहारा ठेवला, त्याचे डोळे दुसऱ्या बाईने मला दाखवावे लागले.

अनिशने गाडी काढली आणि आम्हाला वेस्टमीड हॉस्पिटलच्या इमर्जन्सीत नेलं. निनाद युनीतून ट्रेनने आला. दोन दिवस तपासण्या झाल्या. तिसऱ्या दिवशी एक तरुण डॉक्टरीण पलंगाशेजारी खुर्ची ओढून बसली. खुर्ची ओढून बसणारा डॉक्टर चांगली बातमी आणत नाही. तिने हळू आवाजात सुरुवात केली आणि ह्यांनी तिला मध्येच थांबवलं.

“पॅन्क्रिआस. आय नो. सिन्स जून.”

डॉक्टरीण माझ्याकडे बघायला लागली आणि मी ह्यांच्याकडे.

“पुण्यात कळलं होतं,” ती गेल्यावर हे म्हणाले. “कॅन्सर आहे, दिवाळीपर्यंत म्हणाले होते. तुला सांगितलं असतं तर तू इकडे येऊ दिलं नसतंस. मला पोराचं घर बघायचं होतं.”

मला ओरडायचं होतं. मी ह्यांचा पाय पांघरुणावरून घट्ट धरून बसले.

“आणि ते नाव,” हे म्हणाले, “तू उगाच निनादवर चिडलीस. मीच मागितलं होतं. जूनमध्ये फोन करून. म्हटलं, तुझा तो किडा अजून बिननावाचा आहे का रे? आईला सांगू नकोस म्हणून बजावलं त्याला. लाज वाटत होती. आपल्या तोंडाने आपलं नाव मागायचं म्हणजे...” त्यांना धाप लागली. जरा थांबून म्हणाले, “तुझ्या त्या रजिस्टरात तर सगळ्यांचंच लागतं गं. म्हटलं, आपलं आणखी एके ठिकाणी लागू दे. तेवढंच.”

मी उठून बाहेर आले. निनाद कॉरिडॉरमध्ये भिंतीला टेकून उभा होता. त्याने सगळं ऐकलं होतं. त्याचा चेहरा बघून मला कळलं, आजाराचं त्यालाही आत्ताच कळत होतं, नावाचं मात्र आधीपासून ठाऊक होतं.

“मला का नाही सांगितलंस?”

“बाबांना वचन दिलं होतं. आणि तू शपथ घातलीस. मी काय करणार होतो, आई?”

“परत बदल. त्या हेलनबाईंना आत्ता फोन कर.”

“अंक छापून आलाय. काल पोस्टाने आला.” तो खांद्यावरच्या पिशवीला हात लावून म्हणाला.

“मग पुढच्या अंकात दुरुस्ती छापा. अर्ज मी लिहिते.”

“तसं नसतं गं. एकदा छापलेलं नाव बदलता येत नाही. ज्याने दिलं त्यालाही नाही. लिहिताना चुकलं तर स्पेलिंग फिक्स होतं, माणूस नाही.”

हा नियम मला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. अठ्ठावीस वर्षं खिडकीच्या आतून मी लोकांना असलेच नियम सांगितले होते. आज पहिल्यांदा मी खिडकीच्या बाहेर होते आणि मला त्या सोनाराचा चेहरा नाही, स्वतःचाच चेहरा दिसला, वर न बघता “असं होत नाही” म्हणणारा. मी तिथेच प्लास्टिकच्या खुर्चीवर बसले. ह्यांना वाचवायला म्हणून मी ह्यांच्याकडून एकच गोष्ट काढून घेतली होती, जी त्यांनी आयुष्यात स्वतःहून मागितली होती.

“बाबांना सांगितलंयस?”

“नाही.”

“सांगायचंही नाही,” मी म्हणाले.

त्यानंतर ह्यांना झोपेचंच औषध जास्त दिलं जायचं. अनिश रोज शिफ्टला जाण्याआधी डबा आणून ठेवायचा. एका दुपारी ह्यांना चांगली जाग आली. खिडकीतून कार पार्कवरचं ऊन आत आलं होतं. निनाद पायाशी बसला होता.

“लेख आला का रे?” ह्यांनी विचारलं.

निनाद माझ्याकडे बघत राहिला. मग त्याने पिशवीतून अंक काढला, पान उघडलं, ते माझ्या हातात दिलं आणि खिडकीशी जाऊन पाठमोरा उभा राहिला.

“वाच,” हे मला म्हणाले.

पंखाचा फोटो होता. त्याखाली तिरक्या अक्षरात दोन शब्द, दुसरा माझा. शोभाए.

“दीनानाथी,” मी वाचलं.

लग्नात उखाण्यात घेतलं होतं. त्यानंतर छत्तीस वर्षांत हे नाव माझ्या तोंडून निघालं नव्हतं. ह्यांनी डोळे मिटून घेतले.

“परत.”

“दीनानाथी.”

“कुठे आहे ते दाखव.”

चष्मा शेजारच्या ड्रॉवरमध्ये होता. मी ड्रॉवर उघडला नाही. मी ह्यांचं बोट धरलं आणि माझ्या नावावर ठेवलं. त्यांनी ते बोट अक्षरांवरून सावकाश फिरवलं, पहिल्यापासून शेवटच्यापर्यंत.

“छोटंच दिसतंय गं,” हे म्हणाले.

“लॅटिनमध्ये तसंच लिहितात,” मी म्हणाले.